फ्रेडी मर्क्युरी : कीर्ति आणि मौन

कालिदास काश्मीरचा, उज्जयिनीचा कीं बंगालचा, या वादांत आमच्या पंडितांनीं किती शाई खर्ची घातली याचा हिशेब कोणीं ठेवलेला नाहीं. थोर पुरुष हयात असतांना जो गांव त्याला ओळखहि देत नाहीं, तोच गांव त्याच्या मागें त्याच्या जन्माचा दाखला शोधीत हिंडतो, हा मनुष्यस्वभावच आहे. हल्लीं हाच प्रकार फ्रेडी मर्क्युरी या विख्यात रॉक-गायकाच्या बाबतींत आपल्याकडे चालू झालेला दिसतो. २०१८ सालीं त्याच्या आयुष्यावर निघालेला चित्रपट पाहून आल्यावर आमच्या वर्गांतील एका विद्यार्थ्यानें आम्हांस मोठ्या अभिमानानें सांगितलें, "सर, तो मूळचा आपल्या पांचगणीचा!" आम्हीं विचारलें, "मूळचा म्हणजे कसा?" त्यावर तो घोटाळला. प्रस्तुत लेख त्या घोटाळ्याचें उत्तर आहे असें म्हटलें तरी चालेल.

परंतु उत्तर देण्यापूर्वीं आमच्या पदरची एक गोष्ट सांगणें प्राप्त आहे. १९९१ च्या नोव्हेंबरांत फ्रेडी वारला तेव्हां आम्ही महाविद्यालयांत शिकत होतों. वसतिगृहांत त्या बातमीची चर्चा झाली, ती त्याच्या गाण्याची नव्हे, त्याच्या रोगाची. ज्या स्वरांत ती झाली आणि आम्ही तींत ज्या रीतीनें हंसलों, तें आठवलें म्हणजे आज लाज वाटते. या चरित्राकडे आम्ही केवळ कुतूहलानें वळलेले नाहीं, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें.

त्याचें जन्मनांव फरोख बुलसारा. त्याचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ रोजीं झांझिबार बेटावरील स्टोन टाऊन येथें झाला. आईबाप जेर व बोमी हे पारशी. घराणें गुजराथेंतील, आणि बुलसार म्हणजे आजचें वलसाड, याचें स्मरण आडनांवांतच राहिलेलें. वडील ब्रिटिश सरकारच्या नोकरींत रोखपाल होते. मुलगा आठ वर्षांचा होतो न होतो तोंच त्यांनीं त्याला समुद्र ओलांडून सातारा जिल्ह्यांतील पांचगणीस सेंट पीटर्स या निवासी शाळेंत घातलें. सह्याद्रीच्या माथ्यावरील थंड हवा, इंग्रजी वळणाची कडक शिस्त, आणि आईबापांची भेट वर्षानुवर्षें दुर्मिळ, अशा स्थितींत त्याचें बाळपण गेलें. सुट्टींत तो मुंबईस नातलगांकडे राही. याच शाळेंत त्याचें शास्त्रोक्त पियानो-शिक्षण झालें. याच शाळेंत सोबत्यांनीं फरोखचा 'फ्रेडी' केला. आणि येथेंच १९५८ च्या सुमारास पांच मुलांनीं मिळून 'हेक्टिक्स' नांवाचा वाद्यवृंद काढला, त्यांत पियानोवर बसणारा मुलगा हाच. तेव्हां पांचगणीचें देणें खोटें नाहीं. तिनें त्याला सूर दिले आणि जगानें पुढें ज्या नांवानें हांक मारली त्या नांवाचा पूर्वार्ध दिला.

१९६३ च्या सुमारास तो झांझिबारला परतला. त्याच वर्षाच्या डिसेंबरांत बेट स्वतंत्र झालें आणि १९६४ च्या जानेवारींत तेथें रक्तरंजित क्रांति झाली. हजारों अरब व हिंदी माणसें मारलीं गेलीं. बुलसारा कुटुंबानें जीव घेऊन इंग्लंड गांठलें आणि लंडनच्या विमानतळाजवळील फेल्टम या उपनगरांत बिऱ्हाड थाटलें. सतरा वर्षांच्या या निर्वासित मुलानें पुढें ईलिंग येथील कलाशाळेंत चित्रणकलेची पदविका मिळविली, विमानतळावर सामान उचललें, केन्सिंग्टनच्या बाजारांत जुने कपडे विकले. १९७० सालीं ब्रायन मे व रॉजर टेलर यांच्याशीं त्याची जोडी जमली. वर्षभरानें जॉन डीकन येऊन मिळाला. वृंदाचें 'क्वीन' हें नांव फ्रेडीनें सुचविलें, त्याचें राजचिन्हासारखें बोधचिन्हहि त्यानेंच रेखाटलें, आणि स्वतःचें आडनांव टाकून 'मर्क्युरी' हें नवें नांव घेतलें.

येथें त्याचें पहिलें मौन सुरू होतें. वलसाड, झांझिबार, पांचगणी या तिन्ही ठिकाणांविषयीं तो पुढील आयुष्यांत क्वचितच बोलला. यास कोणी कृतघ्नता म्हणेल. पण तो काळ पाहावा. १९६८ सालीं ईनॉक पॉवेल या पुढाऱ्यानें वसाहतींतून येणाऱ्या लोकांविरुद्ध केलेल्या भाषणानें सारें इंग्लंड ढवळून निघालें होतें. काळ्यासांवळ्या माणसांस रस्त्यांत शिव्या खाव्या लागत. ज्यानें एकदां केवळ वंशाच्या खुणेमुळें घर सोडलें, त्यानें दुसऱ्या देशांत ती खूण मिरविली नाहीं, तर आश्चर्य तें काय?

त्याच्या कलेचा विस्तार येथें करावयास जागा नाहीं. पण एका कृतीवांचून पुढें जातां येत नाहीं. १९७५ सालचें 'बोहेमियन ऱ्हॅप्सोडी' हें गीत जवळजवळ सहा मिनिटांचें. नभोवाणीवर तीन-साडेतीन मिनिटांचीं गीतें वाजविण्याचा तेव्हां परिपाठ, त्यामुळें एवढें लांब गीत कोण लावणार, अशी धंदेवाल्यांची शंका होती. शिवाय त्यांत ध्रुवपद नाहीं. प्रथम करुण आळवणी, मध्यें इटालियन संगीतनाटकाचा भास करून देणारा कोलाहल, नंतर गिटारीचा दणदणाट, आणि शेवटीं पुन्हां निःश्वासासारखी शांतता, अशी त्याची घडण. तो प्रचंड वृंदघोष वस्तुतः तिघांचाच आहे. त्यांचे आवाज फितीवर पुन्हां पुन्हां एकावर एक चढवून तो उभा केलेला आहे. तें गीत ब्रिटनमध्यें नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलें. आवाजाची देणगीहि विलक्षण होती. २०१६ सालीं युरोपांतील संशोधकांनीं त्याच्या ध्वनिमुद्रणांचें पृथक्करण केलें, तेव्हां असें दिसलें कीं, बोलतांना हा मनुष्य खर्जाकडे झुकणारा, आणि गातांना त्याच्या स्वराचें कंपन इतर गायकांहून अधिक जलद. वरच्या जबड्यांत चार दांत अधिक असल्यानें त्याचे पुढचे दांत बाहेर येत. त्याचा त्याला संकोच वाटे, पण दांत काढले तर आवाज बदलेल या भयानें त्यानें ते तसेच ठेवले.

त्याच्या कीर्तीवर डाग नाहीं असें नाहीं. १९८४ सालीं, दक्षिण आफ्रिकेंत वर्णद्वेषी राजवट असतांना आणि जगांतील कलावंतांनीं तेथें बहिष्कार पुकारला असतांना, क्वीननें सन सिटी येथें प्रयोग केले. स्वतः वर्णभेदाची झळ लागण्याजोगा जन्म असलेल्या माणसाकडून हें व्हावयास नको होतें. ब्रिटनमधील वादकांच्या संघटनेनें त्यांना दंड केला तो योग्यच होता.

दुसऱ्याच वर्षीं, १३ जुलै १९८५ रोजीं, इथिओपियांतील दुष्काळपीडितांसाठीं लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर 'लाइव्ह एड' हा प्रचंड जलसा झाला. सुमारें बहात्तर हजार श्रोते, आणि क्वीनला मिळालेलीं मिनिटें जेमतेम वीस-एकवीस. तेवढ्या वेळांत त्यानें सारें मैदान एका माणसासारखें आपल्या मागें गावयास लाविलें. उपरिनिर्दिष्ट चित्रपटांत या प्रसंगापूर्वींच त्याला आपला असाध्य रोग कळलेला दाखविला आहे; जणूं मरणाची चाहूल लागलेला वीर रणांत उतरला! नाट्याच्या दृष्टीनें हें ठीक असेल. इतिहासाच्या दृष्टीनें चूक आहे. एड्सचें निदान झालें तें १९८७ सालीं, म्हणजे जवळजवळ दोन वर्षांनीं. सालांचा हा फरक क्षुल्लक नव्हे. वेम्ब्लीवर गायिला तो मृत्यूच्या छायेंतील मनुष्य नव्हता. त्याच्या धैर्याची खरी कसोटी लागली ती पुढें, बंद खोलींत, जेथें टाळ्या वाजवावयास कोणी नव्हतें.

९ ऑगस्ट १९८६ रोजीं नेबवर्थ येथें लाखाहून अधिक लोकांसमोर त्यानें क्वीनसह शेवटचा प्रयोग केला. निदानानंतर सोबत्यांबरोबर तो पुन्हां दौऱ्यावर निघाला नाहीं. पण कामाची गति मात्र वाढली. स्पेनमधील थोर गायिका मॉन्सेरात काबाये हिच्यासह त्यानें 'बार्सिलोना' ही गीतमाला १९८८ सालीं पुरी केली. १९९२ च्या ऑलिंपिक सामन्यांच्या वेळीं तें नांवाचें गीत जगभर ऐकूं आलें, तेव्हां गाणाऱ्या दोघांपैकीं एक या जगांत नव्हता. १९९० च्या फेब्रुवारींत एका पारितोषिक-समारंभांत लोकांनीं त्याला शेवटचें पाहिलें. चेहरा ओढलेला, बोलणें दोन शब्दांचें. त्यानंतर स्वित्झर्लंडमधील मॉन्त्रू येथील ध्वनिमुद्रणगृह हेंच त्याचें कार्यक्षेत्र झालें.

१९९१ च्या फेब्रुवारींत निघालेली 'इन्युएंडो' ही गीतमाला म्हणजे या दिवसांचें अपत्य. तींतील 'द शो मस्ट गो ऑन' या गीताच्या उंच जागा याला आतां झेपतील काय, अशी ब्रायन मे यास भीति होती. फ्रेडीनें त्या घेतल्या, आणि त्या आजहि कोणास ऐकतां येतात. मे महिन्यांत एका गीताचें चित्रण झालें, तें त्याची कृशता झांकावी म्हणून काळ्यापांढऱ्या रंगांत. आपल्यासाठीं लिहीत राहा, होईल तेवढें गाऊन ठेवतों, तुम्ही मागाहून पुरें करा, अशी त्याची सोबत्यांस विनवणी होती. 'मदर लव्ह' या गीताचें शेवटचें कडवें त्याच्याकडून झालें नाहीं. तें ब्रायन मे यानें गाऊन पुरें केलें. १९९५ सालीं 'मेड इन हेवन' या नांवानें हा ठेवा लोकांपुढें आला.

२३ नोव्हेंबर १९९१ रोजीं त्यानें आपल्याला एड्स असल्याचें निवेदन प्रसिद्ध केलें. दुसऱ्या दिवशीं संध्याकाळीं, केन्सिंग्टनमधील गार्डन लॉज या आपल्या घरीं, फुप्फुसाच्या दाहानें तो वारला. वय पंचेचाळीस. अंत्यविधि पारशी दस्तुरांनीं केले. ज्या मुळांविषयीं तो बोलला नाहीं, तीं अखेरच्या प्रार्थनेंत त्याच्याजवळ होतीं.

आतां दुसऱ्या मौनाचा प्रश्न. मृत्यूस केवळ एक दिवस उरेपर्यंत त्यानें रोग लपविला, यावर तेव्हां पुष्कळ टीका झाली. त्याच महिन्याच्या ७ तारखेस अमेरिकेचा बास्केटबॉलपटु मॅजिक जॉन्सन यानें आपल्या अंगांत त्या रोगाचे विषाणु असल्याचें उघड सांगितलें होतें, आणि त्या धैर्यानें असंख्य लोकांचे डोळे उघडले. फ्रेडी चार वर्षांपूर्वीं बोलता तर किती रोग्यांस धीर आला असता, हा आक्षेप आम्ही उडवून लावूं इच्छीत नाहीं. त्यांत तथ्य आहे. पण एक भेद विसरतां येत नाहीं. जॉन्सन रोगाची लक्षणें दिसण्यापूर्वीं बोलला. फ्रेडी झिजत होता, आणि घराच्या फाटकाशीं वृत्तपत्रांचे छायाचित्रकार दिवसरात्र टपलेले होते. त्याला पुरुषांची ओढ होती ही गोष्ट त्या समाजांत कुचेष्टेचा विषय होती. रोग्याची दया येण्याऐवजीं त्याच्या पापाचा हिशेब मांडण्याची जगाला घाई झाली होती. अशा स्थितींत जो मौन धरतो, त्याच्या मौनाची जबाबदारी एकट्याची कशी? ज्यांच्या हंसण्याच्या भयानें तो गप्प बसला, त्यांतील कांहीं तर सहस्रावधि कोसांवरच्या वसतिगृहांत बसले होते.

काळानेंहि त्याच्याशीं निष्ठुरपणा केला. १९८७ सालीं एकच औषध हातीं होतें, आणि त्याचा गुण तात्पुरता. अनेक औषधें एकत्र देण्याची परिणामकारक उपचारपद्धति १९९६ सालीं रूढ झाली. पांच वर्षांचें अंतर! आपल्या देशांत या रोगाचे विषाणु प्रथम आढळले १९८६ सालीं मद्रासेंत, आणि सरकारी रुग्णालयांतून हीं औषधें फुकट मिळूं लागलीं २००४ पासून. मध्यंतरींच्या काळांत आपल्या महाराष्ट्रासारख्या प्रांतांत किती माणसें असेंच मौन धरून मेलीं, हें त्यांच्या घरच्यांसच ठाऊक.

त्याच्या मागें राहिलें तें केवळ संगीत नव्हे. मृत्यूनंतर 'बोहेमियन ऱ्हॅप्सोडी' पुन्हां निघून पुन्हां पहिल्या क्रमांकावर गेलें आणि त्याचें उत्पन्न टेरेन्स हिगिन्स ट्रस्ट या एड्सग्रस्तांसाठीं झटणाऱ्या संस्थेस मिळालें. २० एप्रिल १९९२ रोजीं वेम्ब्लीवर त्याच्या स्मरणार्थ जलसा झाला, आणि त्यांतून 'मर्क्युरी फीनिक्स ट्रस्ट' उभा राहिला. मॉन्त्रूच्या सरोवराकांठीं १९९६ पासून त्याचा पुतळा आहे. झांझिबारांत २०१९ सालीं संग्रहालय निघालें. २०२३ सालीं त्याच्या घरांतील वस्तूंचा लंडनमध्यें लिलाव झाला, तेव्हां त्या नुसत्या पाहावयास एक लाख चाळीस हजारांवर लोक लोटले आणि विक्री चार कोटी पौंडांच्या घरांत गेली.

मात्र त्याची रक्षा कोठें आहे हें जगाला अद्याप ठाऊक नाहीं. त्याची जिवाभावाची मैत्रीण मेरी ऑस्टिन हिनें त्याच्या इच्छेनुसार ती एका ठिकाणीं ठेविली आणि तें ठिकाण कधीं सांगितलें नाहीं. हें तिसरें मौन आम्हांस सर्वांत बोलकें वाटतें. ज्याच्यावर चार गांवांनीं हक्क सांगावा, त्यानें आपली माती कोणाच्याच स्वाधीन केली नाहीं.

आमच्या विद्यार्थ्यास आम्हीं शेवटीं इतकेंच सांगितलें कीं, बाबा, पांचगणीनें त्याला पियानो शिकविला एवढा अभिमान खुशाल धर. तो खरा आहे. पण त्याला 'आपला' म्हणावयाचें असेल तर त्याच्या रोगासकट, त्याच्या प्रेमासकट आणि त्याच्या मौनासकट म्हणावें लागेल. तो कांहीं वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "सर, हें घरीं सांगणें कठीण आहे." आम्हीं त्यास सांगितलें, त्यालाहि कठीणच गेलें होतें.