चॅटमधलं इंग्रजी, ऑफिसमधलं इंग्रजी: शब्द तोच, अर्थ वेगळा!

ऐरोलीचं माइंडस्पेस असो, महापेचं मिलेनियम बिझनेस पार्क असो की घणसोलीचं रिलायन्स कॉर्पोरेट पार्क, नवी मुंबईतल्या या ऑफिसांमध्ये अनेक मराठी मुलं-मुली पहिली नोकरी सुरू करतात. इंग्रजी व्याकरण येत असतं. पण 'प्लीज रिव्हर्ट बाय ईओडी' असा मेसेज आला की गाडी अडते, कारण अशा शब्दांचा अर्थ कोण बोलतंय आणि कुठून बोलतंय यावर ठरतो. चला तर मग, नेहमी लागणारे शब्द समजून घेऊया.

ऑफिसमध्ये घोळ घालणारे शब्द

रिव्हर्ट: भारतातल्या ऑफिसांमध्ये याचा अर्थ 'उत्तर द्या'. मूळ इंग्रजी अर्थ मात्र 'पूर्वीच्या स्थितीत परत जाणे'. सॉफ्टवेअरमध्ये तर हा सरळ आदेशच आहे. गिटमध्ये रिव्हर्ट कमांड दिली की आधी केलेला बदल उलटवला जातो. म्हणजे मॅनेजरने 'रिव्हर्ट करा' म्हटलं तर बहुतेक वेळा ईमेलला उत्तर द्यायचं असतं. अमेरिकन क्लायंटने तेच म्हटलं तर केलेलं काम मागे घ्यायचं असू शकतं. खात्री न करता कोडला हात लावू नका.

ईओडी: एंड ऑफ डे, म्हणजे आजचं काम संपेपर्यंत. पण आज कोणाचा? न्यूयॉर्कमध्ये संध्याकाळचे 5 वाजतात तेव्हा आपल्याकडे उन्हाळ्यात पहाटेचे 2:30 आणि हिवाळ्यात 3:30 झालेले असतात, तेही दुसऱ्या दिवशीचे! त्यामुळे वेळेसोबत आयएसटी की ईएसटी हे विचारून घ्या.

टेबल करणे: ब्रिटिश माणूस 'लेट्स टेबल धिस' म्हणाला तर विषय चर्चेला घ्यायचा. अमेरिकन म्हणाला तर विषय सध्या बाजूला ठेवायचा. अर्थ अगदी उलटे.

पास्ड आउट: आपण सहज म्हणतो, 'आय पास्ड आउट इन 2023'. परदेशी इंटरव्ह्यू घेणाऱ्याला ते 'मी 2023 मध्ये बेशुद्ध पडलो' असं ऐकू येऊ शकतं. त्याऐवजी 'आय ग्रॅज्युएटेड इन 2023' म्हणा.

प्रीपोन: म्हणजे ठरलेली वेळ अलीकडे आणणे. हा भारतीय इंग्रजीतला शब्द ऑक्सफर्डच्या शब्दकोशातही आहे, त्यामुळे तो चुकीचा नाही. पण परदेशी क्लायंटला कदाचित कळणार नाही. त्यांना 'मूव्ह इट अर्लिअर' असं लिहिलेलं बरं.

चॅट आणि रील्समधले शब्द

नो कॅप: खरं सांगतोय, फेकत नाहीये. नुसतं 'कॅप' म्हणजे थापा.

सस: संशयास्पद, काहीतरी गडबड आहे. 2020 मध्ये 'अमंग अस' हा गेम गाजला आणि हा शब्द सगळीकडे पसरला.

गोट: इथे बकरीचा संबंध नाही! 'ग्रेटेस्ट ऑफ ऑल टाइम'ची ही आद्याक्षरं. क्रिकेटवरच्या वादात सचिनच्या नावापुढे हमखास दिसतो.

रिझ: समोरच्याला बोलण्यातून भुरळ घालण्याची हातोटी. 'करिझ्मा' शब्दाच्या मधल्या भागातून हा आलाय. 2023 मध्ये ऑक्सफर्डने त्याला वर्षाचा शब्द म्हणून निवडलं.

बेट: शब्दशः अर्थ पैज, पण चॅटमध्ये 'चालेल, ठरलं!'

एनजीएल: नॉट गॉना लाय, म्हणजे 'खोटं कशाला बोलू'.

घोस्ट करणे: काहीही न सांगता रिप्लाय देणं बंद करणे.

हे शब्द दोस्तांच्या ग्रुपमध्ये मस्त चालतात. पण टीम लीडच्या मेसेजला 'बेट' असं उत्तर गेलं तर ते उद्धट वाटू शकतं. तिथे 'शुअर, विल डू' पुरेसं आहे.

नवीन शब्द दिसला तर काय करायचं?

1. सर्चमध्ये त्या शब्दापुढे 'स्लँग मीनिंग' टाका. नुसता शब्द टाकला तर अनेकदा जुना अर्थच वर येतो.
2. केंब्रिज किंवा मेरियम-वेबस्टर शब्दकोशात 'इन्फॉर्मल', 'स्लँग', 'ऑफेन्सिव्ह' अशी खूण आहे का बघा. 'ऑफेन्सिव्ह' असेल तर तो शब्द वापरू नका.
3. अर्बन डिक्शनरीवर कोणीही अर्थ लिहू शकतं. त्यामुळे फक्त तिच्यावर विसंबू नका.
4. कामाचा विषय असेल तर सरळ विचारा. एक तयार वाक्य लक्षात ठेवा: 'जस्ट टू कन्फर्म, डू यू मीन 5 पीएम आयएसटी?'

विचारलं तर आपलं इंग्रजी कच्चं दिसेल, या भीतीने बरेच जण गप्प बसतात. पण ईओडी म्हणजे कोणाचा दिवस, हे शब्दकोश सांगू शकत नाही. ते पाठवणाराच सांगू शकतो. म्हणून बिनधास्त विचारा, आणि नवीन नोकरीला लागलेल्या मित्र-मैत्रिणींना ही माहिती नक्की पाठवा.