आपली नावे आणि आडनावे

मंदिराच्या जीर्णोद्धारास ज्यांनी यथाशक्ती हातभार लावला, त्यांची यादी या स्मरणिकेत छापलेली आहे. अशी यादी वाचताना मनुष्य प्रथम आपले नाव शोधतो, नंतर शेजाऱ्याचे नाव व रक्कम पाहतो. ते स्वाभाविकच आहे. परंतु बिसेन, पटले, मडावी, डोंगरवार, रामटेके, शिवणकर, मेश्राम अशी नावे आपल्या भागात एकाखाली एक येतात, ती कोठून आली याचाही विचार कधी करून पाहावा.

आडनाव लिहिण्याची पद्धत आपण समजतो तितकी जुनी नाही. नागपूरचे भोसले राज्य इंग्रजांनी १८५४ साली खालसा केले व पुढे जमिनीचा बंदोबस्त झाला. त्या काळचे कागद आणि त्यानंतरची कोतवाल पंजी पाहिली, तर पुष्कळ ठिकाणी ‘सोमा वल्द मंगरू, जात गोंड’ एवढाच मजकूर सापडतो. माणसाचे नाव, बापाचे नाव आणि जात, की नोंद पुरी झाली. कुळ, गोत्र हे लग्न जुळविताना लागे. सरकारी कागदास त्याची गरज नव्हती. शाळेचे दाखल-खारीज रजिस्टर आले तेव्हा गुरुजींनी आडनाव विचारले. कोणी कुळ सांगितले, कोणी गाव सांगितले, आणि ज्याला काहीच सांगता आले नाही त्याचे गुरुजींना सुचले ते लिहिले गेले. म्हणून एकाच आजोबांची नातवंडे दोन आडनावांची निघतात, यात नवल नाही.

पोवार समाजाची गोष्ट वेगळी. ते आपले मूळ माळव्यातील धार येथे सांगतात. तेथून रामटेकजवळील नगरधन व पुढे वैनगंगेचे खोरे, असा त्यांचा प्रवास मानला जातो. छत्तीस कुळांची परंपरा त्यांनी बरोबर आणली आणि तीच आज आडनावे झाली : बिसेन, पटले, रहांगडाले, कटरे, तुरकर, बोपचे, टेंभरे, बघेले, शरणागत, पारधी, ठाकरे इत्यादी. रसेल व रायबहादूर हिरालाल यांनी मध्यप्रांतातील जातीजमातींवर चार खंडांचा ग्रंथ १९१६ साली प्रसिद्ध केला, त्यातही या कुळांचा उल्लेख आहे.

कोहळी समाज तलाव बांधणारा. नवेगाव बांधचा विस्तीर्ण तलाव अठराव्या शतकाच्या आरंभी कोलू पाटील कोहळी यांनी बांधला असे सांगतात आणि कोलासूर देव म्हणून त्यांची पूजाही होते. आपल्या पूर्वजांना काशीहून चांद्याच्या गोंड राजाने आणले, अशी या समाजात परंपरा आहे. काशीवार हे आडनाव तिच्याशी जुळते. डोंगरवार, लांजेवार यांतही तेच ‘वार’ आहे. पश्चिम महाराष्ट्रात ‘कर’ लावतात, तसे आपल्याकडे ‘वार’ लागते. तेलुगूत माणसांना मानाने ‘वारु’ म्हणतात, त्याचा हा वारसा समजला जातो. लांजेवार म्हटले की बालाघाटकडील लांजी आठवते आणि रामटेके म्हटले की रामटेक. टेंभुर्णे या नावात टेंभुर्णीचे, म्हणजे तेंदूचे झाड आहे, ज्याच्या पानांवर आपल्या किती घरांची चूल पेटली!

झाडांचा विषय निघाला तर गोंड बांधवांचा क्रम पहिला. गोंडीत सागाला टेका म्हणतात, त्यावरून टेकाम; आंब्याला मर्का, त्यावरून मरकाम; मोहाला इरुप, त्यावरून इरपाची. ज्या झाडाचे नाव घेतले त्याला इजा करावयाची नाही, असा दंडक असे. चार देव, पाच देव, सहा देव, सात देव अशी त्यांची विभागणी असून एकाच देवसंख्येच्या घराण्यांत सोयरीक होत नाही. ही व्यवस्था पारी कुपार लिंगो यांनी घालून दिली, अशी श्रद्धा आहे. सालेकसा तालुक्यातील कचारगड येथे माघ पौर्णिमेला लांबलांबच्या राज्यांतून जो समुदाय लोटतो, तो याच मूळ स्थानाच्या दर्शनाला. जंगलखात्याच्या पुष्कळ आधी झाडे राखण्याची ही युक्ती काढणाऱ्यास शहाणाच म्हटले पाहिजे.

मात्र आडनावावरून जात ओळखू पाहणारा हमखास फसतो. मेश्राम गोंडांत आहेत आणि बौद्धांतही आहेत. ठाकरे पोवारांत आहेत, कुणब्यांत आहेत. पारधी हे आपल्याकडे पोवारांचे कुळ, तर इतरत्र ते एका जमातीचे नाव. ही केवळ गमतीची बाब नाही. जातीच्या दाखल्यासाठी अनुसूचित जातीस १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातीस ६ सप्टेंबर १९५० व इतर मागासवर्गास १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो. त्या कागदात आजोबा ‘सुकरू’ आणि नातवाच्या दाखल्यात ‘शुक्राचार्य’ असे असले, की दोघे एकाच घरचे हे सिद्ध करता करता प्रवेशाची मुदत टळते. म्हातारी माणसे हयात आहेत तोवर त्यांची खरी नावे, टोपणनावांसह, घराघरांतून लिहून ठेवलेली बरी.

कारण ती नावे झपाट्याने जात आहेत. रविवारी जन्मला तो इतवारी, मंगळवारचा मंगरू, बुधवारचा बुधराम, शुक्रवारचा सुकरू. महिन्यावरून चैतू, जेठू, भादू, अघनू, फागू. दुष्काळात जन्मला तो दुकालू. १८९६-९७ आणि १८९९-१९०० चे दुष्काळ मध्यप्रांताने कसे काढले, ते या एका नावात कळते. मुले जगत नसत त्या घरी कचरू, दगडू, उकरडा असे नाव ठेवीत, म्हणजे मृत्यूची नजर पडू नये. बिसाहू म्हणजे विकत घेतलेला. पोर शेजारणीला नावापुरते विकायचे आणि मूठभर धान्य देऊन परत घ्यायचे. आज कोणी हसेल, पण त्या आईने आधी किती पोरे मातीआड केली होती, ते कोणत्याच पंजीत धड लिहिलेले नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरास धम्मदीक्षा झाली, आणि पुढे ज्या घरांत कचरू, धोंड्या होते तेथे सिद्धार्थ, राहुल, सुजाता, संघमित्रा नांदू लागले. नाव बदलणे म्हणजे मान ताठ करणे, हे त्या पिढीने दाखविले.

स्त्रियांचे तर नावच ठिकाणावर नसते. माहेरी एक, लग्नात तांदळावर लिहिलेले दुसरे आणि सासरच्या गल्लीत ‘आमगाववाली’ किंवा ‘तिरोडावाली’. बापाच्या शेतात बहिणीचा वाटा निघतो तेव्हा या तिन्ही बाया एकच, हे सांगणारे प्रतिज्ञापत्र करावे लागते. आता थोडा फरक पडला आहे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बालकांच्या शासकीय कागदपत्रांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव व आडनाव असा क्रम शासनाने ठरविला आहे. भंडाऱ्यातून आपला गोंदिया जिल्हा वेगळा झाला तोही १ मे रोजीच, १९९९ साली. आता जी बालके मांडीवर आहेत ती शाळेत जातील, तेव्हा हजेरीपटावर त्यांच्या आईचे नावही बापाच्या आधी लिहिलेले असेल.