एका खनिजनामाचा प्रवास : शेरघाटी ते लोणार

बुलढाणा जिल्ह्याच्या मेहकर तालुक्यातील हिवरा आश्रम आणि त्याच्या परिसरातील गावे काळ्या पाषाणाच्या पठारावर वसली आहेत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भूगर्भातून वाहून आलेल्या लाव्हाच्या थरांनी हे पठार घडविले. विहिरीच्या खोदकामात लागतो तो दगड हाच आणि घराच्या पायात बसतो तोही हाच. लगतच्या लोणार तालुक्यात याच पाषाणात सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे प्रसिद्ध विवर आहे. त्या विवराच्या दगडात मात्र एक असा पदार्थ सापडतो, जो पठारावरील सामान्य दगडात आढळत नाही. शास्त्रज्ञ त्याला मॅस्केलिनाइट म्हणतात. हे नाव कोणी दिले, त्याचा अर्थ काय आणि ते कोणत्या कसोटीवर टिकले, याचा विचार प्रस्तुत लेखात आम्ही करणार आहोत.

बौद्ध अध्ययनाच्या पत्रिकेत खनिजाच्या नावाची चर्चा कशासाठी, असा प्रश्न वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. नाम आणि वस्तू यांचा संबंध हा बुद्धधम्माचा फार जुना विषय आहे. माणसाला चिकटविलेल्या नावांनी ज्या समाजाला शतकानुशतके छळले, त्या समाजाला हा विषय परका वाटण्याचे कारण नाही.

नामाविषयी बुद्धांची दृष्टी

मज्झिमनिकायातील अरणविभंगसुत्तात भगवान बुद्धांनी अगदी साधे उदाहरण घेतले आहे. एकाच भांड्याला एका जनपदात पाति म्हणतात, दुसऱ्या जनपदात पत्त, तर अन्यत्र सराव किंवा पोण. आपल्याच प्रदेशाचे नाव खरे आणि इतरांचे खोटे असा हट्ट धरल्यास कलह उत्पन्न होतो. म्हणून प्रादेशिक शब्दाचा दुराग्रह धरू नये आणि रूढ लोकव्यवहारही पायदळी तुडवू नये, असा दुहेरी नियम तेथे सांगितला आहे. मिलिंदपञ्हात भदन्त नागसेनांनी रथाचा दृष्टान्त देऊन हीच भूमिका पुढे नेली. चाक, आस, जू यांच्या एकत्र येण्याला व्यवहारासाठी रथ म्हणतात, आणि ते नाव म्हणजे केवळ पञ्ञत्ति होय.

नाम हा संकेत असला तरी सर्व संकेत सारख्याच योग्यतेचे नसतात. सुत्तनिपातातील वासेट्ठसुत्तात हा भेद स्पष्ट झाला आहे. गवत, वृक्ष, कीटक, पशू, पक्षी, मासे यांच्यातील जातिभेद त्यांच्या शरीरलक्षणांत दिसतो, परंतु माणसामाणसांत तसे लक्षण आढळत नाही. तेथील भेद केवळ समञ्ञेचा, म्हणजे नावाचा आहे, असे तथागत तेथे सांगतात. नावामागे वस्तूत काही लक्षण आहे काय, ही कसोटी या सुत्तातून आपल्याला मिळते. आता ती एका दगडाच्या नावाला लावून पाहू.

शेरघाटीची उल्का

२५ ऑगस्ट १८६५ रोजी बिहारच्या गया जिल्ह्यात, शेरघाटी येथे आकाशातून एक दगड पडला. त्याचे वजन सुमारे पाच किलो होते. हे गाव बोधगयेपासून फारसे दूर नाही. इंग्रजी कागदपत्रांत शेरघाटीचे ‘शेरगोटी’ झाले आणि ती उल्का त्याच अपभ्रष्ट नावाने जगभर ओळखली जाऊ लागली.

व्हिएन्नाचे खनिजशास्त्रज्ञ गुस्ताव चेरमाक यांनी या दगडाची परीक्षा करून १८७२ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. त्यांना त्यात एक पारदर्शक द्रव्य आढळले. त्याची रासायनिक घटना फेल्स्पार या सर्वपरिचित खनिजासारखी होती, पण प्रकाशाशी त्याचे वर्तन निराळे होते. फेल्स्पारचा स्फटिक निरनिराळ्या दिशांनी प्रकाशाला निरनिराळ्या रीतीने वाकवितो; हे द्रव्य सर्व दिशांनी सारखेच वागत होते, म्हणजे काचेसारखे होते. चेरमाक यांनी त्याला मॅस्केलिनाइट हे नाव दिले. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधील खनिजसंग्रहाचे प्रमुख आणि उल्कांचे अभ्यासक नेव्हिल स्टोरी-मॅस्केलिन (१८२३–१९११) यांच्या गौरवार्थ ते ठेवले होते. गयेच्या भूमीवर पडलेल्या दगडातील द्रव्याला व्हिएन्नात लंडनच्या विद्वानाचे नाव मिळाले. ज्यांच्या शिवारात तो दगड पडला त्यांचा या नामकरणात काही वाटा नव्हता, ही त्या काळच्या ज्ञानव्यवहाराची रीत होती.

पुढे सुमारे ९० वर्षे हे नाव संग्रहालयांच्या नोंदींत राहिले. फेल्स्पार असे काचरूप कशाने होते, याचे समाधानकारक उत्तर १९६३ साली मिळाले. मिल्टन व डीकार्ली या शास्त्रज्ञांनी स्फोटकांच्या साहाय्याने फेल्स्पारयुक्त दगडावर तीव्र आघात केला आणि प्रयोगशाळेत मॅस्केलिनाइट तयार केले. वातावरणाच्या दाबाच्या अडीच-तीन लाख पट वा त्याहून अधिक दाब क्षणभर आला म्हणजे स्फटिकाची अंतर्गत मांडणी मोडते. अशा प्रकारे त्या नावाला अर्थ प्राप्त झाला : मॅस्केलिनाइट म्हणजे महाघाताची खूण.

लोणारचा पाषाण

लोणारच्या विवराची उत्पत्ती हा त्या काळी वादाचा विषय होता. १८२३ साली सी. जे. ई. अलेक्झांडर या इंग्रज अधिकाऱ्याने त्याची दखल घेतली होती. १९१२ साली भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या प्रकाशनात लाटूश व ख्रिस्ती यांनी त्याचे सविस्तर वर्णन केले. सभोवती सर्वत्र लाव्हाचाच दगड असल्यामुळे हे ज्वालामुखीचे मुख असावे किंवा जमीन खचून झालेला खड्डा असावा, असे दीर्घकाळ मानले जात होते.

१९७३ साली फ्रेड्रिक्सन, दुबे, मिल्टन व बालसुंदरम् यांनी विवरातील छिद्रणातून मिळालेल्या नमुन्यांचा अभ्यास ‘सायन्स’ या नियतकालिकात प्रसिद्ध केला. दहा वर्षांपूर्वी प्रयोगशाळेत मॅस्केलिनाइट घडविणारे मिल्टन या चमूत होते. लोणारच्या नमुन्यांत त्यांना मॅस्केलिनाइट आढळले. ज्वालामुखीच्या उद्रेकात उष्णता प्रचंड असते, परंतु असा आघाती दाब निर्माण होत नाही. त्यामुळे विवर आकाशातून आलेल्या पिंडाच्या आघाताने झाले, या मताला निर्णायक आधार मिळाला. ज्या काळ्या पाषाणाचे हिवरा आश्रमाचे पठार बनले आहे, त्याच जातीच्या पाषाणाची ही आघातानंतरची अवस्था होय. घटकद्रव्य तेच राहिले, मांडणी बदलली, आणि लक्षण बदलले म्हणून नाव बदलले.

या शोधाचे महत्त्व पृथ्वीपुरते राहिले नाही. मंगळाच्या वातावरणाची मापे व्हायकिंग यानांनी १९७६ साली घेतली होती. अंटार्क्टिकात सापडलेल्या, शेरघाटीच्याच वर्गातील एका उल्केत कोंडलेला वायू या मापांशी जुळतो, असे १९८३ साली दिसून आले. आज शेरघाटीची उल्का मंगळावरून आलेली मानली जाते आणि त्या संपूर्ण वर्गाला शेरगोटाइट म्हणतात. मंगळाचा पृष्ठभागही मुख्यतः लाव्हाच्या काळ्या दगडाचाच असल्यामुळे तेथील विवरे समजून घेण्यासाठी शास्त्रज्ञ लोणारचा दगड अभ्यासतात.

अर्थाविषयीचा वाद

या नावाच्या अर्थाविषयी मतभेद मिटलेले नाहीत. काटेकोर व्याख्येनुसार खनिज स्फटिकरूप असावे लागते. मॅस्केलिनाइट काचरूप असल्यामुळे स्वतंत्र खनिजजाती म्हणून त्याची गणना होत नाही. तरीही रूढीने नाव चालू आहे. शिवाय आघाताने फेल्स्पार घन अवस्थेतच काचरूप होतो की क्षणभर वितळून पुन्हा गोठतो, हाही प्रश्न आहे. २००० साली चेन व एल गोरेसी यांनी शेरघाटीच्याच उल्केचा आधार घेऊन वितळण्याचा पक्ष मांडला. उलट, २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या लोणारच्या नमुन्यांच्या अभ्यासात पूर्वीच्या स्फटिकाच्या दिशांचे अवशेष आढळले आणि घन अवस्थेतील बदलाचा पक्ष बळकट झाला.

विवराच्या वयाचेही असेच आहे. १९९७ साली एका पद्धतीने ते सुमारे ५२ हजार वर्षे ठरले, तर २०११ साली दुसऱ्या पद्धतीने सुमारे ५ लाख ७० हजार वर्षे. आम्ही याला विज्ञानाचा दुबळेपणा मानत नाही. नाव वा निष्कर्ष वस्तूपुढे पुन्हा पुन्हा हजर करणे हीच विज्ञानाची शिस्त होय. ऐकिवात आहे, परंपरेने आले आहे, ग्रंथात लिहिले आहे एवढ्यावरून काही स्वीकारू नये, हा कालामांना केलेला उपदेश याच शिस्तीचा आहे.

मसारगल्ल आणि ध्वनिसाम्याचा मोह

पालि वाङ्मयातही एक दुर्मीळ खनिजनाम आहे : मसारगल्ल. अंगुत्तरनिकायातील पहारादसुत्तात महासमुद्राची आठ आश्चर्ये सांगितली आहेत. त्यांपैकी एक म्हणजे समुद्रातील रत्ने. मोती, मणी, वैडूर्य, शंख, शिला, प्रवाळ, रौप्य, सुवर्ण, लोहितंक आणि मसारगल्ल अशी ती यादी आहे. मसारगल्ल म्हणजे नेमके काय, यावर कोशकारांचे एकमत नाही. कोणी त्याला लसण्या म्हणतात, कोणी पाचू म्हणतात. चिनी परंपरेत तर त्याचा अर्थ मोठ्या शिंपल्याच्या कवचापर्यंत गेला. वस्तू हरवली आणि नाव उरले म्हणजे असे होते.

मसारगल्ल आणि मॅस्केलिनाइट यांच्या उच्चारात थोडे साम्य आहे, म्हणून त्यांचे नाते जोडण्याचा मोह एखाद्या उत्साही अभ्यासकाला होईल. तो आवरला पाहिजे. दुसरे नाव एका इंग्रज कुटुंबाच्या आडनावावरून आले आहे. त्याचप्रमाणे ‘आईन-इ-अकबरी’त लोणारला ब्राह्मण ‘बिशन गया’ म्हणतात अशी नोंद आहे, आणि शेरघाटीही गया जिल्ह्यातील. पण हा निव्वळ योगायोग होय. आपला इतिहास लिहिताना ध्वनिसाम्यावर इमले बांधू नयेत. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी पालि शब्दकोशासाठी केलेले परिश्रम त्यांच्या लेखन व भाषणांच्या १९९८ साली प्रकाशित झालेल्या सोळाव्या खंडात पाहावयास मिळतात. शब्दाचा अर्थ कष्टाने निश्चित करावा लागतो, हा धडा त्या पानापानांतून मिळतो.

दैत्याचे नाव आणि मजुरांची नावे

लोणारच्या नावाची पुराणकथा प्रसिद्ध आहे. लवणासुर नावाचा दैत्य भूमिगत विवरात राहत होता. विष्णूने त्याचे झाकण उडवून त्याला ठार केले. सरोवराचे पाणी हे त्याचे रक्त आणि क्षार हे त्याचे मांस, अशी ती कथा. गावातील मंदिराचे दैत्यसूदन हे नाव याच कथेचे स्मारक आहे. महात्मा फुले यांनी ‘गुलामगिरी’त (१८७३) अवतारकथांमागील सत्तासंघर्ष शोधण्याची दृष्टी दिली. तथापि पुराव्यावाचून लवणासुराला एखादी विशिष्ट जमात ठरविणेही योग्य होणार नाही. दगडाने मात्र आपली साक्ष दिली आहे, आणि तीत दैत्याला जागा नाही.

याच सरोवरावर आणखी काही नावे घडली. काठावर साचणारा क्षार गोळा करण्याचा व्यवसाय येथे पूर्वी चालत असे. ‘आईन-इ-अकबरी’नेही येथे काच व साबण यांसाठी लागणारे द्रव्य मिळते असे नमूद केले आहे. या व्यवसायात क्षारांचे प्रकार दल्ला, नमक दल्ला, खुप्पल, पापडी, भुस्की अशा नावांनी ओळखले जात. त्यांतील मुख्य घटकाला खनिजशास्त्र ट्रोना म्हणते. पापडीसारखा पातळ थर तो पापडी, भुशासारखा भुगा ती भुस्की, असा या नावांचा सरळ अर्थ दिसतो. हाताने वस्तू ओळखणाऱ्या माणसांची ही नावे आहेत. अरणविभंगसुत्ताच्या नियमाने ट्रोना म्हणणाऱ्याने पापडीला हसू नये आणि पापडी म्हणणाऱ्याने ट्रोना नाकारू नये.

समारोप

मॅस्केलिनाइट हे नाव परक्या भाषेचे आहे, परक्या माणसाचे आहे, आणि वसाहतकाळात दिले गेले आहे. तरीही आम्ही ते स्वीकारतो, कारण ते तपासता येते. शेरघाटीचा दगड आणि लोणारचा दगड कोणीही सूक्ष्मदर्शकाखाली ठेवावा. लक्षण तेथे दिसते. पापडी आणि भुस्की ही नावेही आम्ही जपतो, कारण तीही वस्तूपुढे खरी उतरतात.

माणसाच्या जातीचे नाव मात्र या कसोटीला कधीच उतरले नाही. त्या नावाला जुळणारे लक्षण माणसाच्या डोळ्यांत, रक्तात वा हाडांत कोणालाही दाखविता आलेले नाही. ज्या पहारादसुत्तात मसारगल्लाचे नाव येते, त्याच सुत्तात हेही सांगितले आहे की महानद्या समुद्राला मिळाल्यावर जशी आपली जुनी नामगोत्रे टाकतात, तशीच चारही वर्णांची माणसे संघात आल्यावर आपली नामगोत्रे टाकतात. १५ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरच्या भाषणात बाबासाहेबांनी हाच सागराचा दृष्टान्त लोकांपुढे ठेवला होता.

हिवरा आश्रमच्या परिसरातील शाळांतून शिकणाऱ्या मुलामुलींना लोणारची सहल नवी नाही. त्यांना तेथे दैत्याची कथा कोणीतरी सांगेलच. त्यांच्या शिक्षकांनी त्याबरोबर शेरघाटीच्या दगडाची, पापडी वेचणाऱ्या हातांची आणि वासेट्ठसुत्ताचीही ओळख करून द्यावी. कोणतेही नाव समोर आले की ‘या नावामागे वस्तूत काय आहे?’ असे विचारण्याची सवय त्या मुलांना लागली, तर पाषाणाच्या अभ्यासातूनही धम्माचे कार्य घडेल, असा आमचा विश्वास आहे.