एक मूळ, तीन वाटा : इंग्रजी व मराठीतील ग्रीकमूलक शब्दांचा अर्थेतिहास (औरंगाबाद परिसराच्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना

१९३७ साली मौलवी अब्दुल हक यांनी संपादित केलेला बृहत् इंग्रजी-उर्दू कोश औरंगाबादहून (आजचे छत्रपती संभाजीनगर) प्रसिद्ध झाला. त्याची प्रकाशक 'अंजुमन तरक्की-ए-उर्दू' ही संस्था होती आणि तिचे कार्यालय १९३८ मध्ये दिल्लीला हलेपर्यंत याच शहरात होते. इंग्रजीतील अवघड शास्त्रीय शब्दांना देशी भाषेत प्रतिशब्द शोधण्याचे काम ज्या थोड्या ठिकाणी पद्धतशीरपणे झाले, त्यांत या शहराची गणना करावी लागते. मराठी भाषकांनी मात्र त्याची फारशी दखल घेतलेली नाही.

या कोशकारांपुढे जे शब्द होते त्यांतील मोठा भाग मूळचा ग्रीक. पदवी वर्गाच्या इंग्रजीच्या तासाला 'सिरिंक्स', 'कॅलमस', 'ड्रॅक्म' असा एखादा शब्द आला की आजही 'मूळ ग्रीक' एवढे सांगून शिक्षक पुढे जातो आणि विद्यार्थी अर्थ पाठ करतो. दुर्मिळ वाटणाऱ्या या शब्दांची सख्खी भावंडे त्याच विद्यार्थ्याच्या बोलण्यात असतात, याची जाणीव दोघांनाही सहसा नसते. ही भावंडे मराठीत तीन वाटांनी आली : प्राचीन काळी संस्कृत-प्राकृतातून, मध्ययुगात अरबी-फारसीतून आणि शेवटी इंग्रजीतून. शब्दाला अर्थ मिळाला तो वापरणाऱ्याच्या व्यवसायातून. परंतु त्याला 'आपला' म्हणायचे की 'परका', हे मात्र तो कोणत्या वाटेने आला यावर ठरले, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

प्रतिष्ठानची वाट

पहिल्या वाटेचा उगम याच जिल्ह्यात दाखविता येतो. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील 'पेरिप्लस' या ग्रीक सागरी प्रवासग्रंथात पैठण हे भडोचपासून दक्षिणेस वीस दिवसांच्या आणि तगर म्हणजे तेर हे पैठणपासून पूर्वेस दहा दिवसांच्या अंतरावर असल्याचे नमूद आहे. दुसऱ्या शतकात टॉलेमीने पैठणच्या राजाचे नाव 'सिरोप्टोलेमाइओस' असे दिले. हा श्री पुळुमावी होय. अपरिचित सातवाहन नाव ग्रीक कानांना परिचित 'टॉलेमी'सारखे ऐकू आले. कार्ले, जुन्नर व नाशिक येथील लेण्यांत 'यवन' किंवा 'योनक' दात्यांचे लेख आहेत. त्यांतील अनेकांची नावे पूर्णतः देशी आहेत. नाशिकचा योनक इंद्राग्निदत्त हा धर्मदेवाचा पुत्र होता. माणसे इतकी मिसळून गेली, तेथे शब्द वेगळे राहणे शक्यच नव्हते.

या वाटेने आलेल्या शब्दांत ज्योतिषाचा वाटा सर्वांत मोठा. 'होरा', 'केंद्र', 'जामित्र', 'द्रेष्काण', 'पणफर', 'आपोक्लिम' हे सर्व शब्द ग्रीक पारिभाषिक संज्ञांची रूपांतरे आहेत. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांच्या 'भारतीय ज्योतिषशास्त्र' (१८९६) या ग्रंथात ग्रीक संबंधाची चर्चा आहे. आपल्याकडे हा प्रश्न नवा नाही. ग्रीक भाषेत 'केन्ट्रॉन' म्हणजे टोचणारी अणी, बैल हाकण्याच्या पराणीचे टोक. त्यावरून कंपासचा रोवलेला पाय आणि वर्तुळाचा मध्य. भारतीय गणितज्योतिषात 'केंद्र' हा ग्रहाच्या कोनीय अंतराचा वाचक झाला; फलज्योतिषात पहिले, चौथे, सातवे व दहावे स्थान म्हणजे केंद्रस्थाने. आज 'केंद्र' म्हटले की दिल्लीचे सरकार, परीक्षा केंद्र, आरोग्य केंद्र. पराणीचे टोक मात्र कोणाच्या ध्यानात येत नाही. 'डायामेट्रॉस' म्हणजे आरपार मोजलेली रेषा, इंग्रजीतील 'डायमीटर'. कुंडलीत लग्नस्थानाच्या थेट समोर येणारे सातवे स्थान म्हणून ते 'जामित्र' झाले, आणि सातवे स्थान जोडीदाराचे असल्याने विवाह जुळविणाऱ्यांच्या तोंडी तो शब्द आजही आहे. इंग्रजीत हाच शब्द टोकाच्या विरोधाचे वर्णन करण्यासाठी वापरतात. यातील विनोद विवाहितांना सांगावयास नको.

वराहमिहिराच्या 'बृहज्जातका'त राशींची ग्रीक नावे आली आहेत : मेषाला 'क्रिय', वृषभाला 'तावुरि', सिंहाला 'लेय', धनूला 'तौक्षिक'. कुंभ राशीचे ग्रीक नाव 'हिड्रोखोओस', म्हणजे पाणी ओतणारा. ते संस्कृतात 'हृद्रोग' झाले! पाणक्याचा हृदयविकार झाला तो केवळ ध्वनिसाम्यामुळे. पुळुमावीचा टॉलेमी आणि पाणक्याचा हृद्रोग या एकाच प्रवृत्तीच्या दोन बाजू आहेत : परका ध्वनी आपल्या ओळखीच्या शब्दात बसविण्याची. 'अफू'च्या बाबतीतही हेच घडले. ग्रीक 'ओपिऑन'चे अरबीत 'अफ्यून' झाले आणि संस्कृत पंडितांनी त्याला 'अहिफेन', म्हणजे सापाचा फेस, असे भारदस्त रूप दिले.

नाण्याची गोष्ट अधिक व्यवहाराची आहे. 'द्राख्मे' या ग्रीक नाण्याच्या नावाचा मूळ अर्थ 'मूठभर'. त्यावरून आलेले 'द्रम्म' हे नाणे शिलाहार-यादवकालीन लेखांत येते. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (११५०) सोळा पणांचा एक द्रम्म आणि सोळा द्रम्मांचा एक निष्क असे कोष्टक आहे. द्रम्माचा 'दाम' झाला, त्याची 'दमडी' झाली. मुद्दलापेक्षा अधिक व्याज एका वेळी वसूल करता येऊ नये, या हिंदू विधीतील नियमाला मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी 'दामदुप्पट' याच मराठी नावाने मान्यता दिली. 'साम, दाम, दंड, भेद' असे आपण म्हणतो तेव्हा मूळच्या 'दान' शब्दाच्या जागी याच नाण्याने प्रवेश केलेला असतो. इंग्रजीत तेच नाणे 'ड्रॅक्म' म्हणून औषधविक्रेत्याच्या तराजूत गेले आणि 'ड्रॅम' म्हणून मद्याच्या पेल्यात.

देवगिरीचा सुरुंग

'सुरुंग' या शब्दापाशी थोडे अधिक थांबणे आवश्यक आहे. ग्रीक 'सिरिंक्स' म्हणजे वेताची पोकळ नळी, पावा. पुढे ग्रीक युद्धशास्त्रात तटाखाली खणलेल्या भुयाराला हे नाव मिळाले. कौटिल्याच्या 'अर्थशास्त्रा'त 'सुरुंगा' हा शब्द भुयार याच अर्थाने येतो. ऑटो स्टाइन या अभ्यासकाने १९२५ मध्ये या दोन शब्दांचा संबंध तपासला, आणि त्यातून त्या ग्रंथाच्या कालनिर्णयाचा वाद अधिक रंगला. कारण युद्धातील हा अर्थ ग्रीकांकडेही अलेक्झांडरनंतरच्या काळात रूढ झाला असेल, तर तो शब्द वापरणारा ग्रंथ त्यापूर्वीचा कसा मानावा? एका शब्दावर एवढा भार टाकावा काय, हा प्रश्न वेगळा. ग्रंथाचे थर निरनिराळ्या काळांतील असू शकतात हे मान्य केले, तर हा पुरावा त्या थरापुरताच राहतो.

हिंदीत 'सुरंग' आजही भुयार आहे. मराठीत रेल्वेच्या भुयाराला आपण 'बोगदा' म्हणतो आणि 'सुरुंग' म्हणजे स्फोटक दारू. हा बदल कसा घडला याचे उत्तर किल्ल्यांच्या इतिहासात सापडते. तटाखाली भुयार खणावयाचे, त्यात दारू ठासावयाची आणि बत्ती द्यावयाची, असे वेढ्याचे तंत्र होते. १६३३ मध्ये महाबतखानाने दौलताबादचा किल्ला घेतला तेव्हा तट याच रीतीने उडविले गेले. १६६० मध्ये शायिस्ताखानाने चाकणच्या संग्रामदुर्गाचा बुरूज असाच पाडला. भुयार आणि दारू ही एकाच कृतीची दोन अंगे असल्याने नाव हळूहळू एकाकडून दुसऱ्याकडे सरकले. पुढे किल्ले शांत झाले आणि सुरुंग विहिरींवर आला. मराठवाड्याच्या काळ्या पाषाणात पाणी लागेपर्यंत विहीर खोल न्यावयाची तर सुरुंग उडविल्यावाचून गत्यंतर नव्हते. त्याच गावच्या दवाखान्यातील 'सिरिंज' ही या सुरुंगाची बहीण आहे. इंग्रजीत 'सिरिंक्स' हा मूळ शब्द पक्ष्याच्या स्वरयंत्राचे नाव म्हणून उरला आहे. तेथे पाव्याचा अर्थ अजून ऐकू येतो.

दप्तर, कलम, कानू

दुसरी वाट दरबाराची. मलिक अंबरने १६१० मध्ये वसविलेली खडकी पुढे औरंगजेबाच्या काळात दख्खनच्या कारभाराचे मुख्य ठाणे झाली, आणि फारसी लेखनव्यवहार मराठी कारकुनाच्या अंगवळणी पडला. ग्रीक 'डिफ्थेरा' म्हणजे कमावलेले चामडे. आयोनियन लोक पूर्वी शेळ्या-मेंढ्यांच्या कातड्यावर लिहीत आणि म्हणून पुढे कागदाच्या गुंडाळीलाही तेच नाव देत, असे हिरोडोटस सांगतो. बहुतेक कोशकारांच्या मते याच शब्दाचे फारसीत 'दफ्तर' झाले. मराठीत 'दप्तर' म्हणजे प्रथम हिशेबाची वही, मग कागदपत्रांचा संग्रह. गो. स. सरदेसाई यांनी १९३० ते १९३४ या काळात पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड प्रसिद्ध केले. कागद कापडात बांधून ठेवीत, म्हणून बांधलेले गाठोडेही दप्तर. आणि शेवटी मुलाच्या पाठीवरची पिशवी. १८२६ मध्ये ब्रेतोनो या फ्रेंच वैद्याने घशात चामड्यासारखा पापुद्रा धरणाऱ्या रोगाला याच ग्रीक शब्दावरून नाव दिले : इंग्रजी 'डिप्थीरिया', आपला 'घटसर्प'. ज्या मुलाला घटसर्पाची लस टोचली जाते तेच पुढे दप्तर पाठीला लावते.

'कालामोस' म्हणजे बोरू. अरबीतून 'कलम' आले. संस्कृतातही हा शब्द आहे, त्यामुळे त्याच्या प्रवासाविषयी मतभेद आहेत. मराठीत त्याचे अर्थ तीन : लेखणी, कायद्याचा परिच्छेद आणि झाडाला बांधलेले कलम. तिसरा अर्थ लेखणी तासण्याच्या कृतीवरून आला असावा, कारण कलमासाठी फांदीही तशीच तिरकी छाटतात. इंग्रजीत 'कॅलमस' हा शब्द पिसाच्या देठासाठी, तसेच वेखंडाच्या शास्त्रीय नावात आहे. 'कॅनॉन' हाही वेतच : आधी सुताराची सरळ पट्टी, मग नियम. इंग्रजी 'कॅनन' चर्चच्या नियमांकडे आणि मान्य ग्रंथांच्या यादीकडे वळला, अरबी 'कानून' राज्याच्या नियमाकडे. पोकळ वेतावरून तोफेचे 'कॅनन' हे नावही त्याच कुळातील. कागदावर बोरू, तटाखाली नळी आणि न्यायासनावर पट्टी, अशी ही वेताची तीन रूपे आहेत.

शुद्धीचा प्रश्न

येथे खरा पेच सुरू होतो. शिवाजी महाराजांच्या आज्ञेने राज्याभिषेकानंतर 'राज्यव्यवहारकोश' तयार झाला आणि त्यात फारसी राज्यव्यवहाराच्या संज्ञांना संस्कृत पर्याय दिले गेले. त्याच राज्याभिषेकाच्या वर्षी, १६७४ मध्ये, अष्टप्रधानांची कर्तव्ये ठरविणारा लेख मात्र 'कानुजाबता' या नावाने ओळखला जातो. विसाव्या शतकात स्वातंत्र्यवीर सावरकरांनी भाषाशुद्धीचा आग्रह धरला; 'दिनांक', 'महापौर' हे त्यांचे शब्द मराठीत रुजले. माधव ज्युलियन यांचे उदाहरण तर विलक्षण आहे : १९२५ मध्ये ज्यांनी 'फारसी-मराठी कोश' सिद्ध केला, त्यांनीच १९३८ मध्ये 'भाषाशुद्धि-विवेक' लिहिला. राजभाषेला स्वत्व हवे, ही या प्रयत्नांमागील भूमिका समजण्यासारखी आहे आणि तिचे ऋण आपण रोज वापरतो. परंतु 'कानून' यावनी ठरला आणि 'केंद्र' शुद्ध ठरला, तेव्हा खऱ्या यवनांशी दोघांचे नाते सारखेच होते, ही गोष्ट नजरेआड झाली. 'यवन' हा शब्दही तोवर आयोनियन ग्रीकांना सोडून मुसलमानांना लागू झालेला होता.

हाच प्रश्न उर्दूच्या बाजूनेही उभा राहिला होता. उस्मानिया विद्यापीठ (१९१८) उर्दू माध्यमाचे असल्याने परिभाषा घडविणे अपरिहार्य होते. वहीदुद्दीन सलीम यांचा 'वज़-ए-इस्तिलाहात' हा ग्रंथ १९२१ मध्ये अंजुमनने औरंगाबादहून काढला. अरबीवर सर्वस्वी विसंबू नये, उर्दू ही आर्यकुलातील भाषा असल्याने तिने स्वतःच्या समासपद्धतीने शब्द घडवावेत, असा त्यांचा आग्रह होता. व्यवहारात मात्र हैदराबाद संस्थानातील माध्यमिक शाळांत मराठवाड्याची मुले भूगोल 'जुगराफिया' म्हणून शिकली. हा 'जिओग्राफी'चाच अरबी अवतार. तत्त्वज्ञान 'फलसफा' होते, संगीत 'मोसीकी'. सप्टेंबर १९४८ नंतर हे शब्द शाळेतून गेले. ते निजामाचे म्हणून गेले. ग्रीक म्हणून त्यांना कोणी ओळखले नाही. त्यांच्या जागी 'भूगोल' आला हे योग्यच झाले, कारण मुलांना तो शब्द आपोआप उलगडत होता. मात्र इंग्रजी 'जिओग्राफी' महाविद्यालयात सन्मानाने परतली, आणि तिला कोणी परकी म्हणून हाकलले नाही.

कचेरीतील शब्द टिकले, कारण ते कागदावर होते. २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीने कुणबी नोंदींसाठी मराठवाड्यातील निजामकालीन अभिलेख तपासावयास घेतले, तेव्हा उर्दू व मोडी वाचणाऱ्यांचा शोध घ्यावा लागला. ज्या कागदांवर हजारो कुटुंबांचे दाखले अवलंबून होते, त्यांची लिपी त्या कुटुंबांतील बहुतेकांना अपरिचित झाली होती. आपल्या महाविद्यालयांच्या इतिहास विभागांत मोडीचे वर्ग कधीमधी भरतात. उर्दू-फारसी अभिलेखवाचनाचे जवळजवळ नाहीतच. जुन्या तहसिलीत रुमाल सोडून एखादा कागद पुढे येतो तेव्हा त्यावर 'दफ्तर', 'कलम', 'कानून' हे तीन शब्द बहुधा पहिल्या काही ओळींतच भेटतात, आणि वाचणाऱ्याला अडते ते चौथ्या शब्दापाशी.