झाड उतरविण्याचा इतिहास

उत्सवाच्या आरंभाचा इतिहास पुष्कळांनी लिहिला आहे. त्याच्या आवराआवरीचा इतिहास मात्र सहसा कोणी लिहीत नाही. नाताळच्या झाडाचेच पाहा. व्हिक्टोरिया राणीचे कुटुंब विंडसर येथे सजविलेल्या झाडाभोवती उभे आहे, असे चित्र 'इलस्ट्रेटेड लंडन न्यूज'ने १८४८ मध्ये छापले आणि मूळची ही जर्मन प्रथा इंग्रजांच्या घरोघरी पसरण्यास मोठे साहाय्य झाले, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. ते झाड पुढे उतरविले केव्हा, हे मात्र कोणी विचारीत नाही.

वस्तुतः उतरविण्याचेही शास्त्र होते. झाडाची प्रथा येण्यापूर्वी इंग्लंडात सदाहरित डहाळ्यांनी घरे सजवीत. या डहाळ्या २ फेब्रुवारीच्या सणापूर्वी घराबाहेर गेल्याच पाहिजेत, असा दंडक रॉबर्ट हेरिक या कवीच्या १६४८ च्या संग्रहात नमूद आहे. मागे राहिलेल्या प्रत्येक पानामागे एक भूत दिसेल, असा धाकही त्याने घातला आहे. पुढे ही मुदत अलीकडे येऊन ६ जानेवारीच्या सुमारास स्थिरावली. स्वीडनमध्ये १३ जानेवारीस मुले झाडावरील खाऊ लुटतात आणि झाड बाहेर टाकले जाते. तपशील भिन्न असला तरी मर्म एकच: हिरवे ते वाळणार, आणि वाळलेले घरात ठेवू नये. उतरविणे म्हणजे निरोपच होता.

एकोणिसाव्या शतकात जर्मनीत या रीतीत एक निराळीच गोष्ट शिरली. नाताळसाठी फरची झाडे तोडल्याने वनांची हानी होते, ही चिंता तेथे वाढू लागली होती. तेव्हा पाळीव हंसांची पिसे हिरवी रंगवून ती तारेवर गुंडाळावयाची आणि अशा तारा लाकडी दांड्यात बसवावयाच्या, असे कृत्रिम झाड तयार झाले. मेणबत्त्यांची ज्योत वरच्या फांदीस लागू नये म्हणून फांद्या विरळ ठेवीत. सण सरला की त्या दांड्यालगत मिटता येत. अमेरिकेस गेलेल्या जर्मन कुटुंबांबरोबर ही झाडेही समुद्रापार गेली. जे मिटते तेच परदेशी नेता येते, हा धडा त्यात आहे.

१९५९ मध्ये विस्कॉन्सिनमधील मॅनिटोवॉक गावच्या अ‍ॅल्युमिनियम स्पेशॅल्टी कंपनीने 'एव्हरग्लीम' नावाची चंदेरी झाडे बाजारात आणली. लाकडी दांड्यास तिरपी भोके असत. त्यांत एकेक फांदी खोवावयाची. प्रत्येक फांदीस स्वतंत्र कागदी म्यान असे. उतरविताना फांदी पुन्हा म्यानात सरकविली नाही तर तिची नाजूक पाती चुरगळत. विजेचा धक्का बसण्याच्या भीतीने दिव्यांच्या माळा या झाडावर सोडता येत नसत. त्याऐवजी शेजारी फिरते रंगीत चक्र ठेवून प्रकाश पाडीत. १९६५ मध्ये 'अ चार्ली ब्राउन ख्रिसमस' या दूरदर्शन-चित्रपटाने अशा झाडांस दिखाऊपणाचे प्रतीक ठरविले आणि थोड्याच वर्षांत त्यांची चलती संपली. पुढे मात्र संग्राहक हीच झाडे शोधू लागले आणि विस्कॉन्सिनच्या संग्रहालयात त्यांचे प्रदर्शनही मांडले गेले. तोपर्यंत ती टिकली कशी? कोणीतरी दर जानेवारीत एकेक फांदी सावकाश म्यानात घातली होती, म्हणून.

कृत्रिम म्हणजे खोटे, असे आपण चटकन म्हणून टाकतो. परंतु आपल्याकडेही गणपतीचे विसर्जन होते आणि कित्येक घरी गौरीचे मुखवटे मऊ वस्त्रात गुंडाळून पुन्हा पेटीत जातात. त्या मुखवट्यांस खोटे म्हणण्यास कोण धजेल? एका रीतीत सोडण्याची श्रद्धा आहे, दुसरीत जपण्याची. बदलीच्या हुकमासरशी बिऱ्हाड हलविणाऱ्या आपल्यासारख्यांस दुसरी रीत अधिक परिचयाची. ट्रंकेत सर्वांत शेवटी, कपड्यांच्या मधोमध, जी पेटी ठेवली जाते, तिच्यातच पुढच्या गावचा सण असतो. उत्सव मांडणाऱ्या हातांचे कौतुक सर्वच करतात. तो वर्षानुवर्षे टिकतो, तो आवरणाऱ्या हातांमुळे.