पोरीचा प्रश्न

संक्रांतीला आमच्या उमरखेडच्या घरी हळदीकुंकू होतं. पोरीनं विचारलं, "बाबा, आत्याला का नाही बोलावलं?" माझी बहीण विधवा आहे. मी म्हणालो, "गप बस."

रात्री आपल्याच वऱ्हाडातल्या, बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे आठवल्या. १८८१ मध्ये सुरतेच्या एका विधवेवर बालहत्येचा खटला चालला, अन् साऱ्या स्त्रीजातीलाच नावं ठेवली गेली. ताराबाईंनी १८८२ मध्ये 'स्त्री-पुरुष तुलना' लिहून उलट विचारलं: बायको मेल्यावर पुरुष दुसरी करतो, मग विधवेलाच बंदी का? लोक खवळले, जोतीराव फुले पाठीशी उभे राहिले.

प्रश्न जुनाच आहे. मंडळी, गप्प करणं म्हणजे उत्तर नव्हे. पुढच्या संक्रांतीला पहिलं बोलावणं ताईला.