कालभ्रम की कालभेद?

मनुष्याचे कालज्ञान शाबूत आहे की नाही, हे ताडण्याची वैद्यांची रीत मोठी साधी आहे. साल, ऋतू, महिना, तारीख आणि वार, इतके ते रुग्णास विचारतात. १९७५ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका मनःपरीक्षेत एकंदर ३० गुणांपैकी ५ गुण या प्रश्नांकरिता राखलेले आहेत. त्यांमागील व्याधी काल्पनिक नव्हे. रशियन वैद्य सर्गेई कोर्साकोव्ह यांनी १८८७ साली वर्णिलेल्या विकारात रोगी बोलण्याचालण्यात शहाणा दिसतो. परंतु आजचा दिवस त्याच्या स्मृतीत ठरत नाही, आणि फार मागले साल तो चालू साल म्हणून निःशंकपणे सांगतो.

आम्ही वैद्य नव्हे. परंतु इतिहास शिकविण्यात आयुष्य गेल्यामुळे आम्हांस असे वाटते की, काल मोजण्याची रीत सर्वांची एकच, हे या परीक्षेत गृहीत धरलेले आहे. धाराशिव जिल्ह्यात १९४८ पर्यंत ती एक नव्हती.

हा मुलूख निजामाचा. १८५३ च्या तहाने तो इंग्रजांकडे गेला आणि १८६० साली परत आला. निजामाच्या कचेरीत फसली सन चाले. त्याचे महिने इराणी नावांचे: अजूर, दै, बहमन, इस्फंदार, येथून आबानपर्यंत; आणि वर्षारंभ ऑक्टोबरच्या आरंभी. मशिदीत हिजरी सन, घरात शके आणि तिथी. तुळजापूरचे नवरात्र अजूर लागला म्हणून कधी बसले नाही. ते आश्विन शुद्ध प्रतिपदेसच बसे, आणि दसऱ्यानंतर भवानी पलंगावर निद्रिस्त होई, ती कोजागिरीपर्यंत. परंड्याहून बार्शीच्या बाजारास जावे, तर तेथे इंग्रजी अंमल आणि इंग्रजी तारीख. मौज अशी की, मुंबई इलाख्यातही फसली सन होताच; पण तो मृग नक्षत्रावर पालटे. म्हणजे मृगापासून अजूरपर्यंत सीमेच्या अलीकडे एक फसली साल आणि पलीकडे त्याच्या पुढचे!

हैदराबादच्या शरणागतीचा दिवस घेऊ. १७ सप्टेंबर १९४८. फसली १३५७ चा आबान. हिजरी १३६७ चा जिल्काद. शके १८७० चा भाद्रपद. वार तेवढा सर्वांचा शुक्रवार. त्या दिवशी धाराशिवात कोणास साल विचारले असते, तर चार माणसांनी चार उत्तरे दिली असती, आणि चौघांचीही मती ठिकाणावर असती.

आज नव्वदी ओलांडलेल्या एखाद्या आजोबांनी निजामी शाळेत हेच महिने घोकले असतील. वार्धक्यात नवे विसरते आणि जुने राहते. त्यांच्या तोंडी ‘बहमन’ आला, तर तो व्याधीचा परिणाम असेलही, नसेलही. परंतु बहमन हा महिना आहे हेच ज्या तरुण डॉक्टरास ठाऊक नाही, त्याला ती केवळ बडबड वाटणार. अशा वेळी घरच्या माणसांनी जवळ बसून उलगडा करावा. नाहीतर जुन्या माणसाच्या माथी नसता विकार मारला जाईल, किंवा असलेला विकार ध्यानात येणार नाही.

कागदांचेही असेच. २०२३ साली निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या समितीने मराठवाड्यातील निजामकालीन कुणबी नोंदींचा शोध आरंभिला, तेव्हा उर्दू आणि मोडी दप्तरे पुन्हा उघडली गेली. अशा दप्तरातील एका ओळीवर आज एखाद्या कुटुंबाचा दाखला अवलंबून असतो. लिपी वाचणारा मिळाला म्हणजे काम झाले, असे पुष्कळांस वाटते. पण निजामी फसली सनात अजूरपासून डिसेंबरअखेरपर्यंत ५९० मिळवावे लागतात आणि जानेवारीपासून आबान संपेतो ५९१. सरसकट ५९० धरणारा कारकून फसली १३५७ च्या आबानात जन्मलेल्या मुलास १९४८ ऐवजी १९४७ साली जन्मास घालतो.